साक्ष कोणासाठीं?

व्यसनांतून सुटलेल्या मनुष्यानें आपली कहाणी चित्रपटांतून सर्व जगासमोर सांगावी कीं नाहीं, हा प्रश्न वरवर पाहतां लहान, परंतु विचारांतीं मोठा आहे.

सन १९३५ मध्यें बिल विल्सन नांवाचा, नुकताच दारूपासून सुटलेला एक अमेरिकन दलाल ओहायो संस्थानांतील ॲक्रन शहरीं धंद्यानिमित्त गेला होता. काम फसलें, मन खचलें, व पुन्हां पेल्याकडे ओढ घेऊं लागलें. तेव्हां त्यानें एका धर्मोपदेशकास दूरध्वनि केला. परंतु मागितला तो उपदेश नव्हे, तर बोलावयास आपल्यासारखाच एखादा मद्यपी. अशा रीतीनें डॉक्टर रॉबर्ट स्मिथ यांची गांठ पडली, आणि त्या दोघांच्या संभाषणांतून 'अल्कोहॉलिक्स ॲनॉनिमस' ही संस्था जन्मास आली.

या संस्थेनें १९५० सालीं स्वीकारलेल्या नियमांप्रमाणें सभासदानें वृत्तपत्रें, आकाशवाणी व चित्रपट यांतून सभासद म्हणून आपलें नांव प्रकट करावयाचें नसतें. त्यायोगें दुर्बळाची लाज राखली जाते व सबळाचा अहंकार आवरतो.

याउलट, वयाच्या सतराव्या वर्षीं व्यसनमुक्त झालेले ग्रेग विल्यम्स यांनीं २०१३ सालीं 'द ॲनॉनिमस पीपल' हा माहितीपट काढला. त्यांतील स्त्रीपुरुष तोंड न लपवितां आपली मुक्तता सांगतात. संस्थेचें नांव न घेतां असें बोलण्यास वरील नियम आड येत नाहीं. पडलेला सर्वांस दिसतो आणि उठलेला लपून राहतो. मग कोणी उठतच नाहीं, असा समज झाल्यास नवल काय?

मला हाच पक्ष ग्राह्य वाटतो. तथापि विवेक हवा. बोललेला शब्द लोक विसरतात, चित्रपट मात्र मागें घेतां येत नाहीं. सांगणारा उद्यां पुन्हां घसरला, तर तीच फीत त्याच्या कपाळींचा डाग ठरेल. म्हणून नुकत्याच सुटलेल्यास कॅमेऱ्यापुढें बसविण्याची घाई करूं नये. त्याच्या दुःखांत होरपळलेल्या बायकामुलांचीही संमति घ्यावी.

उधळ्या पुत्राच्या दृष्टांतांत त्याची उधळपट्टी थोडक्यांत सांगितली आहे. घरीं परतणें मात्र सविस्तर. चित्रपटकारांनीं हें प्रमाण ध्यानांत ठेवावें. आणि प्रेक्षकांनीं? धांवत जाऊन मिठी मारणारा पिता व्हावयाचें, कीं दाराबाहेर रुसून उभा राहिलेला थोरला भाऊ, हें ज्यानें त्यानें ठरवावें. साक्ष देणाऱ्याचें धैर्य ऐकणाऱ्याच्या अंतःकरणावांचून व्यर्थ आहे.