निळू फुले यांना वाड्यातून सोडवा

आमच्या महाविद्यालयाच्या स्नेहसंमेलनात दरवर्षी एक नकलाकार निघतोच. यंदाच्या मुलाने खांद्यावर उपरणे टाकले, मान किंचित तिरपी केली, डोळे बारीक केले आणि आवाज घशात दाबून 'बाईं'ना वाड्यावर येण्याचे निमंत्रण दिले. मंडपात हशा पिकला. पुढच्या रांगेत आमच्या विभागातल्या दोन बाई बसल्या होत्या; त्यांनीही हसल्यासारखे केले. नंतर चहाच्या वेळी आम्ही त्या मुलाला गाठून विचारले, "ही नक्कल कोणाची?" "निळू फुले, सर." "त्यांचा कोणता चित्रपट पाहिलास?" मुलगा प्रामाणिक निघाला. म्हणाला, "पिक्चर नाही पाहिला, सर. रील पाहिली."

त्या मुलावर आमचा राग नाही. निळू फुले 13 जुलै 2009 रोजी पुण्यात वारले तेव्हा तो रांगतही नसेल. आमचा राग आहे तो आमच्यावर, म्हणजे मराठीच्या अध्यापकवर्गावर. हा मुलगा ज्या वर्गात बसतो त्या वर्गात आम्ही विजय तेंडुलकरांचे 'सखाराम बाइंडर' शिकवले आहे. एकदा नव्हे, अनेक वर्षे. हिंसा, कामभावना, विवाहसंस्थेची चिकित्सा, लक्ष्मी आणि चंपा यांची तुलना, सारे काही झाले. 1972 साली त्या सखारामाला प्रथम शरीर आणि आवाज कोणी दिला, हे आम्ही वर्गात एकदाही उच्चारले नाही. नटाचे नाव आमच्या टिपणांतच नव्हते. मग ते त्या मुलापर्यंत रीलमधून पोचले तर तक्रार कोणत्या तोंडाने करायची?

निळूभाऊ गेले तेव्हा जे मृत्युलेख छापून आले, त्यांचा एक ठरलेला साचा होता आणि दर पुण्यतिथीला तो पुन्हा बाहेर निघतो. पडद्यावर दुष्ट, प्रत्यक्षात सज्जन. पडद्यावर बायकांकडे वाईट नजरेने पाहणारा, घरी साधा, सेवादलाचा, समाजवादी. हे वाक्य ऐकायला आदराचे वाटते. आमच्या मते निळू फुले यांच्यावर झालेला सर्वांत मोठा अन्याय याच वाक्यात आहे. त्यात त्यांचा अभिनय एका बाजूला आणि विचार दुसऱ्या बाजूला टाकला जातो, जणू पोटासाठी एक धंदा केला आणि फावल्या वेळात समाजकार्य. प्रत्यक्षात त्यांच्या सार्वजनिक आयुष्यातील सर्वांत तिखट राजकीय विधान त्यांनी कोणत्याही व्यासपीठावर केलेले नाही. ते त्यांनी पाटील होऊन केले.

थोडा मागचा हिशेब पाहू. नीळकंठ कृष्णाजी फुले यांचा जन्म 1930 सालचा, पुण्याचा. तरुणपणी ते पुण्याच्या सशस्त्र दलांच्या वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत. राष्ट्र सेवा दलाच्या कलापथकात ते घडले. हे पथक म्हणजे हौशी मंडळींची करमणूक नव्हे. सभेआधी लोक जमवायचे आणि हसवता हसवता पुढाऱ्याचा पंचनामा करायचा, हे त्याचे काम. पु. ल. देशपांडे यांच्या 'पुढारी पाहिजे'मध्ये त्यांनी काम केले, पुढे शंकर पाटलांच्या 'कथा अकलेच्या कांद्याची' या लोकनाट्याने त्यांचे नाव गावोगाव नेले. त्यानंतर अनंत माने यांच्या 'एक गाव बारा भानगडी'तून (1968) ते चित्रपटात आले. म्हणजे वयाच्या अडतिशीपर्यंत हा माणूस सत्तेची नक्कल करण्याचेच शिक्षण घेत होता. गावच्या पुढाऱ्याची चाल, त्याचे पान खाणे, समोरच्याला उभे ठेवून आपण बसून बोलणे, हे सारे त्यांनी व्यंग म्हणून आधी शिकून घेतले होते. चित्रपटाने फक्त त्यातले हसू काढून घेतले.

समीक्षेने मात्र त्यांच्यासाठी तीन शब्द राखून ठेवले: बेरकी, रांगडा आणि नैसर्गिक. यातल्या 'नैसर्गिक' या शब्दाचा आम्हांला विशेष संताप येतो. पुण्यात माळीकाम केलेला माणूस पाटीलकी 'निसर्गतः' कुठून आणेल? डॉ. श्रीराम लागू यांच्याबद्दल लिहिताना आपण साधना, अभ्यास, वाचिक अभिनयाची शिस्त असे शब्द काढतो, आणि ते योग्यच आहे. तेच दोघे एकाच चौकटीत समोरासमोर उभे राहिले की एक अभ्यासू आणि दुसरा उपजत, अशी वाटणी होते. ही वाटणी कोणत्या सामाजिक सवयीतून येते, हे मराठीच्या अध्यापकांना तरी सांगावे लागू नये.

त्या चौकटीकडेच जाऊ. जब्बार पटेल यांचा 'सामना' 1974 चा; तेंडुलकरांची पटकथा, रामदास फुटाणे यांची निर्मिती; 1975 च्या बर्लिन महोत्सवाच्या स्पर्धेत तो होता. निळू फुले हिंदुराव धोंडे पाटील आहेत आणि डॉ. लागू गावात भरकटत आलेले दारुडे मास्तर. आता या हिंदुरावाकडे नीट पाहा. तो मास्तरला हाकलून देत नाही, घरी ठेवून घेतो, खाऊपिऊ घालतो. आपण गावाचा केवढा विकास केला हे त्याला दाखवतो, आणि त्या दाखवण्यात खोटेपणा नाही. कारखाना खरा आहे, रोजगार खरा आहे. निळू फुले यांनी येथे जे केले ते मराठी पडद्यावर आधी कोणी केले असेल असे आम्हांला वाटत नाही: त्यांनी हिंदुरावाला त्याचा अभिमान प्रामाणिकपणे दिला. आवाज चढत नाही. हात क्वचितच उचलला जातो. वाक्य अर्ध्यावर सोडायचे आणि उरलेले समोरच्याने भीतीने पूर्ण करायचे, अशी ती पद्धत. म्हणूनच मारुती कांबळेचे काय झाले हा मास्तरचा प्रश्न जेव्हा पुन्हा पुन्हा येतो, तेव्हा तो एका दुष्ट माणसाला विचारलेला प्रश्न राहत नाही. सहकार, विकास, पुरोगामित्व या साऱ्या शब्दांच्या खाली कोण गाडले गेले, असा तो होतो. दुष्ट पाटील असता तर प्रेक्षक शिट्टी मारून घरी गेला असता.

आणि मग 1979 चा 'सिंहासन', अरुण साधू यांच्या 'सिंहासन' आणि 'मुंबई दिनांक' या कादंबऱ्यांवरचा. दिग्दर्शक तेच, पटकथाकार तेच, पण बाजू उलटल्या. येथे डॉ. लागू सत्तेसाठी झगडणारे अर्थमंत्री विश्वासराव दाभाडे, आणि निळू फुले पत्रकार दिगू टिपणीस. सत्ता जवळून पाहणारा, सगळे कळणारा आणि काहीही करू न शकणारा साक्षीदार. शेवटी त्याचे जे वेडे हसू आहे त्याला मराठी चित्रपटात जोड नाही. 'पाच वर्षांत एकाच नटाने सत्तेची आतली बाजू आणि बाहेरची बाजू दोन्ही करून दाखवली', या एका वाक्यावर आमच्या विषयात एखादा प्रबंध व्हायला हवा होता. झाले काय? ग्रामीण कादंबरीतील सत्तासंबंधांवर प्रबंध झाले, साठोत्तरी नाटकावर झाले, ढिगाने झाले. नट मात्र 'संदर्भा'तही नाही. जयवंत दळवींच्या 'सूर्यास्त'मधला गांधीवादी अप्पाजी याच नटाने रंगमंचावर उभा केला, हे तर 'वाड्या'च्या चाहत्यांना सांगितले तर त्यांना थट्टा वाटेल.

कोणी म्हणेल, हा सारा साखरपट्ट्याचा प्रश्न. कामठीत बसून तुम्हांला त्याचे काय? आमच्याकडे ऊस नाही, कारखान्याचा चेअरमन नाही, तसा वाडाही नाही. नागपूरकडे होता तो मालगुजार. त्याचे हक्क 1951 मध्ये कायद्याने गेले, ऐट जायला पुष्कळ वर्षे लागली. कामठीत तर तीही नव्हती. छावणीचे गाव हे. येथे सत्ता भेटली ती विडीच्या धंद्यात. तेंदूपत्ता मोजून देणारा, वळलेल्या विड्यांतल्या हव्या तितक्या खराब म्हणून बाजूला काढणारा, आणि हे सारे आवाज न चढवता करणारा माणूस. बाबू हरदास एल. एन. यांनी याच गावात विडी कामगारांची संघटना बांधली. 1939 साली अवघ्या पस्तिशीत ते गेले. त्या वस्त्यांतली मुले आज आमच्या वर्गात आहेत. त्यांना हिंदुराव परका वाटेल असे समजणे हे आमचे अज्ञान.

नाटकाकडे वळू. 'सखाराम बाइंडर' 1972 मध्ये कमलाकर सारंग यांनी बसवले. परिनिरीक्षण मंडळाने काटछाट सुचवली, बंदी आली, सारंग उच्च न्यायालयात गेले आणि जिंकले. त्यांचे 'बाइंडरचे दिवस' हे पुस्तक ही कहाणी सांगते. हे सारे आम्ही परीक्षेपुरते शिकवतो. शिकवत नाही ते हे: तेंडुलकरांचा सखाराम जन्माने ब्राह्मण आहे, आणि त्या भूमिकेसाठी सारंगांनी नट उचलला तो लोकनाट्यातला. प्रेक्षकाशी थेट बोलण्याची सवय असलेला, हशा कुठे येतो आणि कुठे थांबवायचा हे माहीत असलेला. सुरुवातीला सखाराम लक्ष्मीला घराचे नियम ऐकवतो. छापील पानावर ते एका विकृत माणसाचे भाषण वाटते. सोंगाड्याच्या मांडीवर मांडी टाकून केलेल्या ठसक्यात तेच ऐकले, तर प्रेक्षक आधी हसणार आणि मग आपण कशाला हसलो या विचाराने अवघडणार. आम्ही तो प्रयोग पाहिलेला नाही, आमचा जन्मही त्यानंतरचा. पण या निवडीने नाटकाचा अर्थ बदलतो एवढे कळायला प्रयोग पाहण्याची गरज नाही. लोकनाट्य ठाऊक असले तरी पुरते. एका अभ्यासमंडळाच्या बैठकीत आम्ही सुचवले होते की नाटकाच्या घटकात नटाच्या कामावर पाच गुणांचा प्रश्न असावा. उत्तर मिळाले, तो विषय नाट्यशास्त्राचा, आपण साहित्याचे. विषय संपला. मग बिस्किटे आली.

येथे एक गोष्ट कबूल केली पाहिजे. निळू फुले यांच्या नावावर असे पुष्कळ चित्रपट आहेत ज्यांत निर्मात्याने त्यांना त्याच एका दृश्यासाठी घेतले. नटाने हिंदुरावात भरलेले सारे राजकारण गाळून तेवढी नजर ठेवली आणि तिकिटे विकली. त्या चित्रपटांचे वकीलपत्र आम्ही घेतलेले नाही. एवढे शहाणे नट ते का करत राहिले, याला पोट हे एक उत्तर आहे आणि ते पुरेसे नाही. हिंदीने तरी वेगळे काय केले? 'सारांश'मधला (1984) गजानन चित्रे सोडला, तर हिंदीला त्यांच्यात जिल्ह्याच्या राजकारणाचा माणूस फारसा दिसला नाही. पण नकलेसाठी निवड झाली ती नेमकी या निकृष्ट मालाचीच, हे विसरू नये. आणि त्या नकलेत हसू कोणाच्या खर्चाने येते? त्या दृश्यांतली 'बाई' बहुधा गावची मास्तरीण असते. तिची नोकरी, बदली, पगार वाड्याच्या हातात असतो, म्हणून तिला जावे लागते किंवा नकार देऊन भोगावे लागते. दृश्याचा सारा जोर या परवशतेत आहे. नकलेत ती परवशता गळून पडते आणि उरते चावट निमंत्रण. आमच्या विभागातल्या ज्या दोन बाई पुढच्या रांगेत बसल्या होत्या, त्यांतल्या एक तासिका तत्त्वावर आहेत. दरवर्षी जूनमध्ये फाइल काखेत धरून कोणाच्या ना कोणाच्या खोलीबाहेर त्यांच्यासारखे कितीजण उभे असतात, हे आमच्या व्यवसायातल्या प्रत्येकाला ठाऊक आहे. वाडा गेला असे ज्यांना वाटते त्यांनी ती रांग पाहावी.

निळू फुले बाबा आढावांच्या 'एक गाव एक पाणवठा' मोहिमेत होते, डॉ. लागू आणि नरेंद्र दाभोलकर यांच्यासह सामाजिक कृतज्ञता निधीसाठी, अंधश्रद्धा निर्मूलनासाठी ते गावोगाव फिरले. 1991 साली संगीत नाटक अकादमीने त्यांचा सन्मान केला. ही यादी पुण्यतिथीला वाचली जाते. ती 'सामना'च्या शेजारी ठेवून कोणी वाचत नाही. पाणवठ्यावर कोणाला अडवले जाते हे ज्याने जाऊन पाहिले आहे, त्यालाच अडवणाऱ्याचा शांतपणा असा दाखवता येतो, हा साधा संबंध जोडायला आम्हां मराठीच्या मास्तरांना इतकी वर्षे लागली.

संमेलनानंतरच्या आठवड्यात आम्ही अभ्यासक्रम बाजूला ठेवून वर्गात 'सामना' लावला. नकलाकार मुलगा पहिल्या बाकावर होता. चित्रपट संपल्यावर बराच वेळ कोणी बोलले नाही. मग मागच्या बाकावरची एक मुलगी, जिची आजी अजून विड्या वळते, म्हणाली, "सर, हा पाटील ओरडत काहून नाही? आजीचा सट्टेदारबी असाच हळू बोलते."

पुढच्या आठवड्यात 'सिंहासन' लावायचा आहे. प्रोजेक्टर वाणिज्य विभागाचा आहे, मागून आणावा लागतो.