वीस लाखांचे घर त्रेचाळीस लाखांना

बोईसरच्या सरावली भागात राहणारा एक बांधव परवा आमच्या कार्यालयात आला. तारापूर औद्योगिक वसाहतीतील एका रासायनिक कारखान्यात तो कंत्राटी कामगार होता. होता म्हणायचे कारण, ठेकेदार बदलला आणि जुन्या माणसांपैकी निम्म्यांना नव्या ठेकेदाराने घेतलेच नाही. त्याच्या एका हातात गृहवित्त कंपनीची नोटीस होती आणि दुसऱ्या हातात कर्जखात्याचा उतारा. नोटिसीपेक्षा उताऱ्यानेच तो जास्त हादरला होता. "साहेब, पाच वर्षांत दहा लाखांवर रुपये भरले आणि कर्ज सव्वादोन लाखांनीच कमी झाले. यांनी माझे आठ लाख खाल्ले. यांच्यावर केस करा!" असे तो म्हणत होता.

आम्ही उतारा ओळीनओळ तपासला. कोणीही काही खाल्ले नव्हते. दुर्दैव हे की सगळा हिशेब बरोबर होता.

हा हिशेब आपल्या समाजातील शिकल्यासवरलेल्यांनाही ठाऊक नसतो, असा आमचा अनुभव आहे. फ्लॅटची किंमत विचारली तर सगळे सांगतात. हप्ता किती तेही सांगतात. परंतु एकूण किती भरणार, हे विचारले की माणूस गप्प होतो. 'रुपयाचा प्रश्न' या विषयावर १९२३ साली ग्रंथ प्रसिद्ध करणाऱ्या महापुरुषाचा फोटो ज्या भिंतीवर आहे, त्या भिंतीचीच खरी किंमत घरमालकाला माहीत नसावी, ही गोष्ट आम्हाला बोचते.

म्हणून आकडेमोड मांडतो. वाचकांनी कंटाळा करू नये.

समजा वीस लाखांचे कर्ज, व्याज ९ टक्के, मुदत वीस वर्षे. महिन्याचा हप्ता येतो १७,९९५ रुपये. असे २४० हप्ते भरले की एकूण भरणा होतो ४३ लाख १८ हजारांच्या पुढे. म्हणजे वीस लाख मुद्दल आणि तेवीस लाखांहून अधिक व्याज. आता पहिल्या महिन्याचा हप्ता फोडून पाहा. त्यातले १५,००० रुपये व्याजात जातात आणि मुद्दलात फक्त २,९९५ जमा होतात. व्याज नेहमी शिल्लक मुद्दलावर लागते आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, म्हणून सुरुवातीची सगळी वर्षे व्याजच गिळून टाकते. पाच वर्षांत १० लाख ७९ हजार भरल्यावरही १७ लाख ७४ हजार देणे उरते. आमच्या त्या बांधवाचा व्याजदर मधे खालीवर झाला, पण सरासरी याच घरात होता. निम्मे मुद्दल फिटायला किती काळ लागतो? चौदा वर्षे! उरलेले निम्मे मग शेवटच्या सहा वर्षांत फिटते.

मुदत वाढवली की हप्ता हलका होतो, हे दलालाचे आवडते वाक्य. हेच वीस लाख तीस वर्षांना घेतले तर हप्ता १६,०९२ होतो. महिन्याला वाचले सुमारे एकोणीसशे रुपये, आणि व्याज गेले जवळपास ३८ लाखांवर. उलट पंधरा वर्षांना घेतले तर हप्ता २०,२८५ पडतो, पण व्याज साडेसोळा लाखांवर थांबते. महिन्याला तेवीसशे रुपये जास्त दिले तर पावणेसात लाखांच्या आसपास वाचतात. ज्याच्याकडे ते तेवीसशे नाहीत त्याला हे सात लाख भरावे लागतात. गरिबाला गरिबीचे व्याज वेगळे भरावे लागते ते असे.

आणि ९ टक्के तरी कायम कुठे असतात? मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ वरून ६.५ टक्क्यांवर नेला. ज्यांनी त्याआधी ७ टक्क्यांनी वीस लाख घेतले, त्यांचा हप्ता १५,५०६ होता. दीड वर्षाने शिल्लक राहिली १९ लाख २७ हजार. आता दर साडेनऊ धरा. व्याजच होते महिना १५,२५८ रुपये. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात पडतात २४८ रुपये, आणि कर्ज फिटायला लागतात आणखी त्रेचाळीस वर्षे! पुष्कळांना त्या काळात हप्ता वाढल्याचा निरोप आला नाही म्हणून ते निश्चिंत होते. हप्ता वाढला नव्हता, मुदत वाढली होती. याच तक्रारींमुळे रिझर्व्ह बँकेला १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढावे लागले. दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, याची निवड कर्जदाराला द्यावी, असे त्यात सांगितले आहे. २०२५ साली रेपो दर पुन्हा खाली आला. परंतु दर उतरला म्हणून आपला उतारा मागून पाहिला, असे किती वाचक सांगू शकतील? ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जे रेपोसारख्या बाहेरच्या दराला बांधावी लागतात. गृहवित्त कंपन्यांना ते बंधन लागू केले गेले नाही. आणि पगाराची पक्की चिठ्ठी नसलेला कंत्राटी कामगार बँकेच्या दारातून परत फिरून याच कंपन्यांकडे जातो.

पालघर जिल्ह्यात हा धंदा का फोफावला, तेही पाहिले पाहिजे. १ ऑगस्ट २०१४ रोजी जिल्हा झाला. त्याआधी २०१३ साली उपनगरी गाड्या डहाणूपर्यंत आल्या. बुलेट ट्रेनचे स्थानक बोईसरला होणार. वाढवण बंदराची पायाभरणी ३० ऑगस्ट २०२४ रोजी झाली. मच्छीमार आपल्या दर्यासाठी लढत होते आणि इकडे नवापूर रोडपासून मनोर रोडपर्यंत दलाल सांगत होते, "आता घ्या, उद्या भाव दुप्पट!" भाव दुप्पट होईल की नाही हे आम्हाला सांगता येत नाही, परंतु भरणा दुपटीच्या वर जातो हे वर आकड्यांत आलेच आहे. अणुऊर्जा केंद्र १९६९ साली सुरू झाले, कायम नोकरदारांसाठी टॅप्सची वसाहत उभी राहिली. तिसऱ्या-चौथ्या अणुभट्टीसाठी अक्करपट्टी आणि पोफरण ही गावेच उठवली गेली. कारखान्यांना भूखंड मिळाले, पण ते कारखाने चालवणाऱ्या कंत्राटी माणसाने कुठे राहायचे याचा विचार झाला नाही. तो आज चाळीत भाड्याने राहतो, नाहीतर कर्जाने फ्लॅट घेतो.

भाड्याने का राहू नये, असा शहाणपणाचा प्रश्न कोणी विचारील. त्यांना आमचे सांगणे आहे की भाड्याचे घर शोधताना आपल्याला आधी आडनाव विचारतात. आडनावावरून समजले नाही तर गाव विचारतात, मग देव कोणता ते विचारतात. मग "घर कालच गेले" असे उत्तर येते. स्वतःच्या दारावर स्वतःच्या नावाची पाटी लागावी, ही आपल्या माणसाची भूक निव्वळ चैनीची नाही. बाबासाहेबांनीही दादरच्या हिंदू कॉलनीत कर्ज काढूनच बांधकाम केले. राजगृह राहण्यासाठी आणि चार मिनार ही दुसरी इमारत भाड्याने देण्यासाठी. पुढे १९४१ साली देणी भागवण्यासाठी आणि ग्रंथांसाठी त्यांनी चार मिनार विकून टाकली. घर घेऊ नका असे आम्ही म्हणत नाही. हिशेब लावून घ्या, एवढेच म्हणतो.

याच जिल्ह्याच्या डहाणू-तलासरी पट्ट्यात एके काळी लग्नगडी होते. लग्नासाठी सावकाराकडून पैसे घेतलेले वारली जोडपे त्याच्या शेतावर जन्मभर राबायचे. १९४५ साली वारल्यांनी त्याविरुद्ध बंड केले. गोदावरी परुळेकरांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो' या पुस्तकात तो इतिहास आहे. बँक म्हणजे तो सावकार नव्हे, उगाच तसे म्हणण्यात अर्थ नाही. परंतु लग्नगड्याला आपल्या कर्जाचा हिशेब कधी दिसत नसे. आज हिशेब मागितला तर मिळतो आणि तरी आपण तो मागत नाही, या गोष्टीचा राग आम्हाला जास्त येतो.

वकील या नात्याने एक गोष्ट सांगतो. जुन्या मुंबई इलाख्यात दामदुपटीचा नियम चालत आला आहे. एका वेळी वसूल करायचे थकलेले व्याज मुद्दलाच्या वर जाऊ नये, असा तो नियम. वीस वर्षांत मिळून किती व्याज भरले, याला तो लागू होत नाही, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. आणि बँकांच्या बाबतीत बँकिंग नियमन कायद्याचे कलम २१-अ आहे. व्याज अवाजवी आहे एवढ्या कारणावरून न्यायालयाला बँकेचा व्यवहार पुन्हा उघडता येत नाही. म्हणजे सही केल्यानंतर आमच्यासारखा वकील फारसे काही करू शकत नाही. वकिलाकडे यायचे ते सहीच्या आधी.

सहीच्या आधी काय पाहायचे? १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक नव्या कर्जासोबत मुख्य तथ्य विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात सगळे आकार धरून वार्षिक खर्चाचा खरा टक्का आणि हप्त्यांचा पूर्ण तक्ता असतो. तो तक्ता बायकोसमोर बसून वाचा, कारण सहकर्जदार म्हणून तिचीही सही घेतात आणि सही केली की तीही तेवढीच देणेकरी होते. जामीन राहणाऱ्या भावाचेही तसेच. आमच्या त्या बांधवाच्या कर्जात साठ हजारांची विमा पॉलिसी घुसवली होती. तिचे पैसे रोख न घेता कर्जातच मिळवले होते. वीस वर्षांत ते साठ हजार एक लाख तीस हजारांना पडतात. कर्जदाता सांगेल तीच पॉलिसी घेण्याची कायद्याने सक्ती नाही. कुटुंबासाठी साधा मुदतीचा विमा स्वतः निवडून घ्यावा. आणि वीस टक्के रोख भरायला म्हणून पतपेढीतून आणखी कर्ज काढू नये. दोन व्याजांच्या मध्ये माणूस भरडला जातो.

इमारत कायदेशीर आहे की नाही, हे तर सर्वांत आधी. या जिल्ह्यात आदिवासींची जमीन बिगर आदिवासीला घ्यायची तर महसूल संहितेच्या कलम ३६ आणि ३६-अ प्रमाणे परवानगी लागते. सातबारा, बिनशेती आदेश, महारेराची नोंद, सगळे स्वतः तपासावे. बँकेने कर्ज दिले म्हणजे इमारत पक्की, हा समज घातक आहे. नालासोपाऱ्यात न्यायालयाच्या आदेशाने ४१ बेकायदा इमारती पाडल्या गेल्या. इमारत पाडली म्हणून कर्ज संपत नाही. हप्ता त्याच तारखेला येतो.

ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांनी निराश होऊ नये. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्यास दंड घ्यायला बँकांना २०१२ पासून मनाई आहे. वर्षाला एक हप्ता जादा भरला, मग तो दिवाळीच्या बोनसातून का होईना, तर वर सांगितलेले वीस वर्षांचे कर्ज साडेसोळा वर्षांच्या आसपास संपते आणि साडेचार लाखांहून अधिक व्याज वाचते. पैसे भरताना 'मुद्दलात जमा करा' असे लेखी द्यावे. अर्थात, ज्या ठेकेदारांकडे बोनसाची बातच नाही त्यांच्या कामगारांना हा सल्ला म्हणजे जखमेवर मीठ आहे, याची आम्हाला जाणीव आहे. अनुसूचित जाती व नवबौद्धांसाठी रमाई आवास योजना आहे. प्रधानमंत्री आवास योजनेच्या दुसऱ्या टप्प्यात पात्र कुटुंबाला पहिल्या आठ लाखांवर व्याजाचे अनुदान पाच वार्षिक हप्त्यांत, कमाल १ लाख ८० हजारांपर्यंत मिळते. पण त्यासाठी वेळेवर अर्ज करावा लागतो.

आता त्या नोटिसीविषयी. तीन हप्ते थकले, नव्वद दिवस उलटले आणि खाते बुडीत वर्गात गेले. २००२ च्या सरफेसी कायद्याच्या कलम १३(२) खाली साठ दिवसांत सगळी रक्कम भरा, असे कंपनीने कळवले. पुष्कळ लोक ही नोटीस घेतच नाहीत, घराला कुलूप लावून गावी जातात. ते चूक आहे. नोटिसीला लेखी उत्तर देता येते आणि पंधरा दिवसांत त्यावर कारणांसह कळवणे कर्जदात्याला भाग आहे. पुढे ताबा घेण्याची कारवाई झाली तर पंचेचाळीस दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणात दाद मागता येते. दिवाणी कोर्टात नव्हे. ते न्यायाधिकरण पालघरला नाही आणि तिथली फी व येण्याजाण्याचा खर्च कामगाराला परवडत नाही. ही लढाई समाजाच्या संघटनांनी हाती घेण्यासारखी आहे.

आम्ही त्या बांधवाचे उत्तर तयार केले. विम्याची रक्कम कोणत्या संमतीने कर्जात मिळवली याचा खुलासा मागितला, सहा महिन्यांची सवलत मागितली. त्याने मात्र वेगळाच विचार केला आहे. लिलावात मातीमोल जाण्यापेक्षा फ्लॅट आपणच विकावा आणि कर्ज भागवून सुटावे. नोटीस मिळाल्यानंतर कर्जदात्याच्या लेखी संमतीशिवाय विकता येत नाही, कलम १३(१३). म्हणून संमतीचा अर्जही दिला आहे. उत्तराची वाट पाहत आहोत. कागदांवर सह्या करायला त्याची पत्नी आली होती. सही करून तिने पेन खाली ठेवले आणि विचारले, "दादा, आता पुन्हा भाड्याने घर बघायचे. तिथे आडनाव कोणते सांगायचे?"