कल्पित जगाचे पंचांग

ज्या जगात कधी सूर्यच उगवला नाही, त्या जगाच्या तारखा मोजत बसणे हा निव्वळ रिकामटेकडेपणा होय, असे पुष्कळ सुविद्य मंडळी म्हणताना आम्ही ऐकतो. निमित्त बहुधा टॉल्किन या इंग्रज पंडिताच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या अद्भुतकथेचे असते. तिच्या १९५५ साली निघालेल्या तिसऱ्या खंडास जी परिशिष्टे जोडली आहेत, त्यांतील एक सबंध परिशिष्ट कालगणनेस वाहिलेले आहे. कथा गोड, पण हे पंचांग कशाला, असा या मंडळींचा सवाल आहे. आमचे मत नेमके उलट आहे.

आधी हे पंचांग आहे तरी कसे, ते पाहावे. हॉबिट नावाच्या ठेंगण्या, खाऊनपिऊन सुखी लोकांच्या शायर प्रांतात महिने बारा, आणि प्रत्येक महिना तीस दिवसांचा. उरलेले पाच दिवस कोणत्याच महिन्यात मोडत नाहीत. वर्षाचा शेवटचा व पहिला हे दोन ‘यूल’चे, आणि ऐन उन्हाळ्यातले तीन, त्यांतील मधला तो मध्यवर्षदिन. लीप वर्षी त्यास लागून ‘ओव्हरलिथ’ हा आणखी एक दिवस येतो व त्या दिवशी विशेष मौज चालते. पुढे या लोकांनी मध्यवर्षदिन व ओव्हरलिथ यांस वारच द्यावयाचा नाही असे ठरविले. त्यामुळे राहिलेल्या ३६४ दिवसांचे बरोबर ५२ आठवडे झाले आणि दर साली त्याच तारखेस तोच वार येऊ लागला. या व्यवस्थेत कोणत्याही महिन्याची पहिली तारीख शुक्रवारी येत नाही. म्हणून ‘शुक्रवारी, एक तारखेस’ म्हणजे कधीच नाही, असा थट्टेचा वाक्प्रचार त्यांच्यात रूढ झाला. ज्या पंचांगातून लोकांच्या तोंडी विनोद उतरतो, त्यास निर्जीव कोण म्हणेल?

महिन्यांची नावेही हवेतून आणलेली नाहीत. बीड नावाच्या इंग्रज साधूने इ. स. ७२५ मध्ये प्राचीन इंग्रजांचे महिने नोंदवून ठेवले. हॉबिटांची नावे ही त्यांचीच झिजलेली रूपे होत. ते जुने इंग्रज चांद्र व सौर वर्षांचा मेळ घालण्यासाठी उन्हाळ्यात एक अधिक महिना धरीत, हेही बीडनेच लिहिले आहे. ओव्हरलिथचे मूळ कोठे असावे, हे आमच्या वाचकांस सांगावयास नको. आमच्याकडे मात्र अधिक महिना ‘मलमास’ ठरून मंगलकार्यास वर्ज्य झाला. जावयाच्या वाट्यास अनारसे आले, एवढेच काय ते!

परंतु आमचा खरा मुद्दा निराळा आहे. पंचांग हे सर्वांआधी खुद्द लेखकास घातलेले बंधन असते. आपल्या कथेतील चंद्र एका ठिकाणी उगवतो त्याच वेळी दुसऱ्या ठिकाणी मावळतो आहे, हे ध्यानात आल्यावर टॉल्किन किती अस्वस्थ झाला, ते त्याने १९४४ साली आपल्या मुलास लिहिलेल्या पत्रावरून दिसते. आमच्याकडील कल्पित राज्यांच्या कथांत ही अस्वस्थता क्वचितच आढळते. नायिकेस चांदणे हवे की पौर्णिमा, आणि नायकास पळावयाचे असले की अमावास्या. मध्ये चार दिवस गेले की चौदा, याची फिकीर लेखकास नाही आणि प्रकाशकास तर नाहीच. दुसरे कित्येक बारा चमत्कारिक नावे जुळवतात आणि नवी कालगणना निर्माण केल्याचे समाधान मानतात. त्या महिन्यांत पेरणी केव्हा, कर्ज केव्हा फेडावयाचे, उपवास कोणते, याचा पत्ता नसतो. अशा नावांस आम्ही पंचांग म्हणत नाही.

टॉल्किनवरही आमचा एक आक्षेप आहे. वाराबाहेरचा दिवस असलेली अशीच एक ‘जागतिक दिनदर्शिका’ भारताने १९५३ साली संयुक्त राष्ट्रांपुढे मांडली होती. सात दिवसांचा अखंड क्रम मोडतो म्हणून अनेक धर्मांच्या लोकांनी तीस विरोध केला, अमेरिकेने १९५५ साली नकार कळविला, आणि १९५६ साली तो विचार बेमुदत तहकूब झाला. महाराष्ट्रात टिळक पंचांग व इतर पंचांगे यांचा अधिक मासाविषयी मतभेद झाला, तर एका घरचे गणपती दुसऱ्या घरच्या आधी महिनाभर येऊ शकतात. आणि दोन्ही घरे आपल्या जागी ठाम असतात. शायरमध्ये मात्र एवढी मोठी सुधारणा बिनबोभाट पार पडली! वार बुडाला म्हणून एखादा म्हातारा हॉबिट तरी काठी आपटीत उठला असेलच. ते भांडण वाचावयास आम्हांस फार आवडले असते.