बडतर्फीचा कागद आणि न्यायालयाची पायरी

‘सद्रक्षणाय खलनिग्रहणाय’ हे महाराष्ट्र पोलिसांचे ब्रीद. ज्या हाती खलनिग्रहाचे सामर्थ्य सोपविले तो हातच मलिन निघाला तर काय करायचे, याचे उत्तर मात्र विभागीय चौकशीच्या धुळकट धारिकांत शोधावे लागते. एखादा अधिकारी बडतर्फ झाला की ती बातमी पहिल्या पानावर झळकते. काही वर्षांनी आतल्या पानावर चार ओळी येतात : प्रशासकीय न्यायाधिकरणाने, म्हणजे ‘मॅट’ने, आदेश रद्द केला. मग सामान्य माणूस न्यायव्यवस्थेला बोल लावून मोकळा होतो.

हा बोल बहुधा चुकीच्या दारी जातो. शिक्षा कमी की अधिक हे न्यायालय सहसा पाहतच नाही. बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात (१९९५) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, न्यायालय हे विभागीय चौकशीवरील अपील ऐकणारे अधिकारी नव्हे; सदसद्विवेकाला धक्का बसावा इतकी शिक्षा विषम असेल तरच त्यात हस्तक्षेप. न्यायालय पाहते ते एवढेच, की आरोप नेमका सांगितला का, साक्षीदारांची उलटतपासणी करू दिली का, चौकशी अहवालाची प्रत संबंधिताच्या हाती पडली का. ही प्रत देणे बंधनकारक असल्याचे करुणाकर प्रकरणात घटनापीठाने १९९३ सालीच सांगितले. तरीही तीच चूक पुन्हा होत असेल, तर तिला अज्ञान म्हणायचे की सोय?

घटनेच्या अनुच्छेद ३११ मध्ये एक पळवाट नव्हे, तर अपवाद आहे. चौकशी करणे व्यवहार्य नसेल तर कारणे लेखी नोंदवून थेट बडतर्फ करता येते. तुलसीराम पटेल निकालाने (१९८५) हा अपवाद वैध ठरविला, पण त्याच वेळी बजावले की खात्याची बाजू दुबळी आहे म्हणून चौकशी टाळता येणार नाही. चकमकींमुळे गाजलेले मुंबईचे पोलीस अधिकारी प्रदीप शर्मा यांना २००८ साली याच मार्गाने घरी पाठविण्यात आले. २००९ साली ‘मॅट’ने तो आदेश रद्द केला. पुढे एका बनावट चकमकीच्या खटल्यात सत्र न्यायालयाने त्यांना २०१३ साली निर्दोष सोडले आणि उच्च न्यायालयाने २०२४ साली जन्मठेप सुनावली, ती कथा निराळी. पण साक्षीपुरावा पारखण्याचे जे कष्ट खटल्यात घ्यावेच लागतात, ते खात्याने टाळले की काय होते, हे त्या बडतर्फीत दिसले.

याची दुसरी बाजू अधिक क्लेशकारक आहे. वरिष्ठाची मर्जी खप्पा झाली म्हणून निलंबित झालेला शिपाई. वकिलाची फी, मुलांची शाळा, पोलीस वसाहतीतील दोन खोल्या आणि हाती निर्वाहभत्ता, तोही वेळेवर मिळाला तर. निर्वाहभत्ता न देता एकतर्फी उरकलेली चौकशी टिकत नाही, हे पॉल अँथनी प्रकरणात (१९९९) ठरले. तो मनुष्य खाण कंपनीतील सुरक्षा अधिकारी होता, पण तत्त्व सर्वांना लागू आहे. दोषारोपपत्र न देता निलंबन तीन महिन्यांपलीकडे ताणू नये आणि चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षात संपवावी, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ सालच्या दोन निकालांत सांगितले. निलंबित शिपायाच्या घरी हे दिवस बोटांवर मोजले जातात. धारिका मात्र टेबलावरून टेबलावर हिंडत राहते.

म्हणजे ढिसाळ चौकशीचा लाभ भ्रष्टाला आणि भुर्दंड निरपराधाला. भ्रष्ट अधिकारी थकीत वेतनासह परततो, त्याचे पैसे करदात्याच्या खिशातून जातात आणि ज्या तक्रारदाराने जिवावर उदार होऊन तक्रार केली, तो पुन्हा त्याच ठाण्याच्या हद्दीत राहतो. गृहखात्याने चौकशी अधिकाऱ्यांना सेवाकायद्याचे रीतसर प्रशिक्षण द्यावे, आणि प्रत्येक रद्द झालेल्या आदेशानंतर त्यात कोणता दोष राहिला व तो कोणामुळे राहिला, याची लेखी नोंद ठेवावी. आदेश रद्द होतो, पण त्याखाली स्वाक्षरी करणाऱ्याला कधी कोणी स्पष्टीकरण विचारले आहे काय?