मतकरी मोठ्यांकडे 'वळले' कधी?

रत्नाकर मतकरींवरचा कुठलाही परिचय काढून बघा. बालनाट्यापासून सुरुवात केली आणि मग प्रौढ रंगभूमीकडे वळले, अशा अर्थाचं एक वाक्य त्यात बहुतेक वेळा सापडतंच. मग आरण्यक, लोककथा ७८, गूढकथा, मालिका, चित्रपट, पुरस्कार. बालनाट्य बिचारं पहिल्या ओळीत येतं आणि तिथेच संपतं. जणू काही ती बालवाडी होती. पास झाले, पुढच्या वर्गात गेले.

माझं याच्याशी भांडण आहे. मतकरी कधी 'वळले' नाहीत. वळले असते तर मुलांकडे पाठ तरी झाली असती, आणि ती त्यांनी मरेपर्यंत केली नाही.

आधी साध्या तारखा बघू. त्यांचा जन्म १९३८चा. 'वेडी माणसं' ही पहिली एकांकिका मुंबई आकाशवाणीवर झाली १९५५ साली. ती मोठ्यांसाठी होती! म्हणजे 'सुरुवात बालनाट्यापासून' हेच मुळात खरं नाही. 'मधुमंजिरी' आली १९५९ साली. सुधा करमरकर अमेरिकेत बालरंगभूमीचा अभ्यास करून परत आल्या होत्या, मुंबई मराठी साहित्य संघाच्या आधाराने त्यांनी लिटल थिएटर काढलं आणि त्याचं पहिलं नाटक म्हणून 'मधुमंजिरी' उभं केलं. लेखकाचं वय वीस. मग १९६२ साली मतकरींनी स्वतःची 'बालनाट्य' ही संस्था काढली. पुढे मोठ्यांच्या नाटकांसाठी 'सूत्रधार' आली, पण म्हणून 'बालनाट्य' बंद पडली असं झालं नाही. दोन्ही संस्था कितीतरी वर्षं बरोबरीने चालल्या, त्याही बऱ्याचदा पदरमोड करून.

आणि हे सगळं करताना माणूस बँकेत नोकरी करत होता हेही लक्षात ठेवा. १९५८ ते १९७८, वीस वर्षं बँक ऑफ इंडिया. म्हणजे 'निम्मा शिम्मा राक्षस', 'अलबत्या गलबत्या', 'अचाटगावची अफाट मावशी' अशी नाटकं करणारा माणूस दुसऱ्या दिवशी सकाळी कामावर हजर. आमच्या नवी मुंबईत बँकवाले कमी नाहीत. त्यांनी सांगावं, मार्चअखेर संपल्यावर मे महिन्यात मुलांचं नाटक उभं करण्याइतका जीव अंगात उरतो का ते!

आता कोणी म्हणेल, अहो पण आरण्यक कुठे आणि अलबत्या गलबत्या कुठे. दोन्ही एका तागडीत घालता का? नाही घालत. आरण्यक मोठं नाटक आहे. गावातल्या दलितांवरच्या अत्याचाराचं 'लोककथा ७८' तर मराठी रंगभूमीवरचं एक महत्त्वाचं काम आहे. माझं म्हणणं एवढंच की ही दोन वेगळी दुकानं नव्हती. एकाच घरातल्या दोन खोल्या होत्या आणि मधलं दार उघडं होतं.

दिलीप प्रभावळकरांचंच बघा ना. 'अलबत्या गलबत्या'मधली त्यांची चेटकीण गाजली. त्याच माणसाने १९७४च्या 'आरण्यक'मध्ये विदुर केला. एकाच लेखकासाठी चेटकीण आणि विदुर! आणि २०१८ साली आरण्यक पुन्हा रंगमंचावर आलं तेव्हा सत्तरी ओलांडलेले प्रभावळकर पुन्हा विदुर म्हणून उभे राहिले, समोर धृतराष्ट्र पुन्हा रवी पटवर्धन. त्याच २०१८मध्ये 'अलबत्या गलबत्या'ही नव्याने आलं, चिन्मय मांडलेकरांच्या दिग्दर्शनात, चेटकिणीच्या भूमिकेत वैभव मांगले. साहित्य अकादमीचा बालसाहित्य पुरस्कारही मतकरींना त्याच वर्षी मिळाला. वर्षाच्या सुरुवातीला, फेब्रुवारीत, सुधाताई करमरकर मात्र गेल्या होत्या.

मला तर वाटतं त्यांच्या गूढकथांचं मूळही या मुलांच्या नाटकात आहे. मुलांना घाबरवणं ही फार नाजूक गोष्ट आहे. कमी घाबरवलं तर त्यांना मजा येत नाही, जास्त घाबरवलं तर रात्री आईबाबांची झोप जाते. म्हणून मतकरींची चेटकीण भयंकर असते आणि त्याच वेळी स्वतःच्या हुशारीवर इतकी खूश असते की मुलं तिला हसतात. मुलांसाठी लिहिताना त्यांनी भीतीला तळ ठेवला. 'खेकडा'सारख्या गूढकथांमध्ये मोठ्यांसाठी लिहिताना तोच तळ काढून घेतला. हात तोच, माप वेगळं.

आणि मुलांसारखा निर्दय प्रेक्षक दुसरा नाही. मोठी माणसं कंटाळली तरी तिकिटाच्या पैशाकडे बघून बसून राहतात, वर बाहेर पडताना 'प्रयोग छान झाला हं' म्हणतात. मुलं असलं काही करत नाहीत. प्रवेश दोन मिनिटं लांबला की एकाला शू लागते, दुसऱ्याला पाणी हवं असतं, तिसरा खुर्चीवर उभा राहून मागच्यांकडे बघायला लागतो. वाशीच्या भावे नाट्यगृहात भाचरांना घेऊन बसलं की हे मला दर वेळी दिसतं. एकाला तिथे समोर बघायला लावणारं वाक्य लिहिणं म्हणजे खायचं काम नाही. मतकरींच्या मोठ्यांच्या नाटकांची पकड आपण वाखाणतो ती या शाळेत घोटली गेली असणार, असं माझं प्रामाणिक मत.

मग बालनाट्याला आपण कमी का लेखतो? मला तीन कारणं दिसतात. एक म्हणजे त्याचा हंगाम. दिवाळी आणि मे महिना सोडला तर मुलांना वेळ नाही, म्हणून नाट्यगृहात नाटक नाही. दुसरं म्हणजे हिशेब. राक्षस, राणी, प्रधान, प्राणी अशी मोठी फौज, त्यांचे पोशाख, मुखवटे, गाणी, आणि तिकीट मात्र स्वस्त हवं कारण एका मुलामागे दोन मोठी माणसं येतात. तिसरं कारण जरा गमतीचं आहे. बालनाट्याचा प्रेक्षक टिकत नाही. सहा वर्षांचा मुलगा चार-पाच वर्षांत अकरावं गाठतो आणि 'मी काय लहान आहे का' म्हणून यायचं बंद करतो. मोठ्यांच्या नाटकाचा प्रेक्षक चाळीस वर्षं लेखकाचं नाव घेत राहतो. मुलांच्या नाटकाचा प्रेक्षक चेटकीण लक्षात ठेवतो, लेखक विसरतो. मग लेखकाच्या परिचयात ते पहिल्या ओळीत संपणारच.

पण मतकरींनी पुढे काय काय केलं ते पाहिलं की मुलं त्यांच्या डोक्यातून कधी गेलीच नाहीत हे कळतं. 'घर तिघांचं हवं' हे मोठ्यांचं नाटक, पण ते बेतलेलं कशावर? ताराबाई मोडकांच्या आयुष्यावर. म्हणजे जिने महाराष्ट्रात बालशिक्षण रुजवलं तिच्यावर. पंचाहत्तरीच्या तोंडावर त्यांनी पहिला चित्रपट दिग्दर्शित केला, 'इन्व्हेस्टमेंट'. उत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला त्याला. विषय काय? मुलाकडे गुंतवणूक म्हणून बघणारे आईबाप, आणि त्यातून तो मुलगा काय होऊन बसतो ते. आपल्यापैकी बऱ्याच जणांनी तो पाहून अस्वस्थ व्हायला हवं (मी झालो).

आणि शेवटचं काम तर मला सगळ्यात मोठं वाटतं. २०१४च्या सुमारास, म्हणजे वयाच्या पंचाहत्तरीनंतर, ठाण्यात समता विचार प्रसारक संस्थेच्या सोबतीने त्यांनी 'वंचितांची रंगभूमी' सुरू केली. ठाण्याच्या वस्त्यांमधली मुलं घेतली. पण त्यांच्या हातात आपली संहिता दिली नाही! वीसहून जास्त बालनाट्यं घरात तयार असताना त्यातलं एक बसवून घेणं किती सोपं होतं. मतकरींनी मुलांनाच सांगितलं, तुमच्या आजूबाजूला जे दिसतं त्यावर तुम्हीच नाटक रचा.

ताराबाई आणि अनुताई वाघांनी बोर्डी-कोसबाडला हेच केलं होतं. मूल शाळेत येत नाही ना, मग शाळाच मुलाच्या अंगणात न्या. मतकरींनी तसा रंगमंच वस्तीत नेला. आयुष्यभर मुलांसाठी लिहिणारा लेखक शेवटी बाजूला सरकतो आणि म्हणतो, आता तुम्ही लिहा. याला 'पायरी' म्हणायचं? मला तर हे त्या सगळ्या प्रवासाचं टोक वाटतं.

मे २०२०मध्ये करोनाने ते गेले. नेमका मे महिना, बालनाट्याचा हंगाम, आणि सगळी नाट्यगृहं कुलूपबंद. मुलंही घरात कोंडलेली.

हे सगळं आज लिहिण्याचं कारण म्हणजे मला आपल्या गावाची काळजी वाटते. ठाणे-वाशी लोकलने ठाणं इथून अर्ध्या तासावर. आपल्याकडे नाट्यगृह आहे, त्याला नाव विष्णुदास भाव्यांचं, ज्यांनी १८४३ साली सांगलीला 'सीतास्वयंवर' करून मराठी नाटकाची सुरुवात केली त्यांचं. दोन स्टेशनांवर तुर्भे, तिथल्या वस्त्यांत शेकडो मुलं. त्यातल्या कितींनी भावे नाट्यगृह आतून पाहिलं असेल? आणि आपल्या सोसायट्यांमधल्या मुलांचं काय? त्यांना आपण सुट्टीत अभिनय शिबिराला घालतो, 'स्टेज डेअरिंग यावं' म्हणून. नाटक आवडावं म्हणून नव्हे. इन्व्हेस्टमेंट, दुसरं काय!

जुनी नाटकं पुन्हा येतात आणि आजची मोबाइलवाली मुलंही ती डोळे मोठे करून बघतात, याचा मला आनंदच आहे. पण साठ वर्षांपूर्वीच्या पिढीतला वीस वर्षांचा मुलगा मुलांसाठी नवं नाटक लिहितो आणि एक बाई त्याच्यावर विश्वास ठेवून ते उभं करते, हे तेव्हा घडलं होतं. आज तसा कोणी वीस वर्षांचा मुलगा किंवा मुलगी ऐरोलीत किंवा नेरुळमध्ये वहीत राक्षस लिहीत बसली असेल, तर तिने ती वही कोणाकडे न्यायची? या प्रश्नाला माझ्याकडे एकही नाव नाही, आणि मला हेच फार लागतं.

महापालिकेने महिन्यातला एक रविवार सकाळ नव्या बालनाट्यासाठी नाममात्र भाड्यात द्यावी, हे माझं मागणं आहे. त्यातल्या मागच्या दहा रांगा तुर्भे-दिघ्याच्या मुलांसाठी ठेवाव्यात. नको, पुढच्या दहा. आणि नातेवाईक मंडळींनो, पुढच्या वाढदिवसाला त्या रंगीत पिशव्यांमधल्या रिटर्न गिफ्ट ऐवजी सगळ्या चिल्लीपिल्लींना नाटकाला न्या. एका प्रयोगाचा खर्च त्याच्या आसपासच येतो, मी हिशेब करून बघितलाय.

बाकी तुम्हाला काय वाटतं ते सांगा. आणि कोणाच्या ओळखीत अशी राक्षसवाली वही असेल, तर ती वाचायला मला द्या. नाटक उभं करणं मला येत नाही, पण पहिला वाचक नक्की होईन.