मोरीपासून गल्ल्यापर्यंत

कापूस, मिरची व ऊस यांच्या जोरावर जगणाऱ्या आमच्या नंदुरबार जिल्ह्यातील तरुण मंडळी अलीकडे शेताबाहेरच्या चाकरीकडे वळू लागली आहे. कोणी सुरतेस उपाहारगृहात राहतो, कोणी नवापुरावरून जाणाऱ्या सुरत-धुळे महामार्गावरील ढाब्यावर, कोणी नंदुरबारास कापडाच्या दुकानी, तर कोणी रुग्णालयात. ही चाकरी कारखान्यातील कामाहून एका बाबतीत निराळी आहे. गिरणीचे लुगडे नेसणारीस ते कोणी विणले हे कळत नाही. परंतु चहाचा पेला पुढे ठेवणारा हात गिऱ्हाइकास दिसतो, त्याचे बोलणे ऐकू येते, आणि मनात आले तर त्याचे आडनावही विचारता येते. म्हणून जात, भाषा, स्त्रीपुरुषभेद व अपंगत्व यांविषयींचे जे पूर्वग्रह आपण घरून घेऊन निघतो, ते सारे या धंद्यांच्या उंबरठ्यावर येऊन उभे राहतात. (गिरणीतही जेथे तोंडाचा संबंध आला तेथे हेच घडले. धोट्यातील सूत तोंडाने ओढावे लागे, एवढ्याच कारणावरून मुंबईच्या कापडगिरण्यांत अस्पृश्य मानलेल्या कामगारांस अधिक वेतनाच्या विणकाम खात्यापासून वर्षानुवर्षे दूर ठेवण्यात आले.) या विषयावर आमच्या विद्यार्थ्यांस व त्यांच्या सुज्ञ पालकांस चार शब्द सांगावे, असे आम्हांस वाटते.

कायद्याने काय केले हे प्रथम पाहू. २६ जानेवारी १९५० रोजी अमलात आलेल्या राज्यघटनेच्या १५ व्या कलमाने दुकाने, सार्वजनिक उपाहारगृहे व हॉटेले यांत धर्म, वंश, जात, लिंग वा जन्मस्थान यांवरून कोणासही मज्जाव करता येणार नाही असे ठरविले. १७ व्या कलमाने अस्पृश्यता नष्ट केली, आणि १९५५ साली तिच्या आचरणाबद्दल शिक्षा सांगणारा कायदा झाला. चहाच्या दुकानाबाहेर काही लोकांसाठी निराळी कपबशी ठेवण्याची जी चाल होती, ती त्यामुळे गुन्हा ठरली. हे थोर कार्य झाले यात शंका नाही. परंतु या तरतुदींचा मुख्य लाभ झाला तो गिऱ्हाइकास. बाकावर कोणीही बसावे हे ठरले. मोरीशी कोणी बसावे व गल्ल्यावर कोणी बसावे हे खासगी धंद्यात बव्हंशी मालकाच्या मनावरच राहिले आहे.

आमच्या हाताखालून गेलेला एक विद्यार्थी गणितात चांगला होता. तोंडी हिशेबात तर त्याने आम्हांसही कित्येकदा मागे टाकले. तो एका खानावळीत राहिला. (खानावळीचे नाव सांगण्याचे प्रयोजन नाही, अशा पुष्कळ आहेत.) दोन वर्षे तो भांडी घासत होता. त्या अवधीत गल्ल्यावरचा मुलगा तीनदा बदलला, आणि तिन्ही वेळा बाहेरगावाहून नवा आणला गेला. आम्ही मालकास भेटून विचारले, तेव्हा तो गृहस्थ सौजन्याने म्हणाला, “मुलगा प्रामाणिक आहे, गुरुजी. माझी काहीच हरकत नाही. पण गिऱ्हाइकांना आवडायचं नाही.”

हे उत्तर आमच्या मनातून जात नाही. मालकाची हरकत नाही, आचाऱ्याची नाही, वाढप्याची नाही. हरकत आहे ती गिऱ्हाइकाची, आणि ते गिऱ्हाईक म्हणजे कोण, हे मात्र कोणी सांगत नाही. २०११ च्या शिरगणतीप्रमाणे ज्या जिल्ह्यात शंभरांत ६९ लोक अनुसूचित जमातींचे आहेत, तेथील गिऱ्हाइकास वळवी, पाडवी, वसावे, पावरा वा गावित या आडनावाचा मनुष्य गल्ल्यावर बसलेला पाहवत नाही, ही गोष्ट सहसा पटण्याजोगी नाही. आमचा तर्क असा आहे की, मालक आपली नावड गिऱ्हाइकाच्या नावे जमा करितो आणि गिऱ्हाईक मुकाट्याने ती आपल्या खाती राहू देते.

या ठिकाणी कोल्हापूरची हकीकत सांगणे अवश्य आहे. राजर्षी शाहू महाराजांच्या पागेत गंगाराम कांबळे नावाचे एक महार नोकर होते. मराठा नोकरांच्या हौदास शिवल्याच्या आरोपावरून, महाराज परगावी असता, त्यांस चाबकाने मारण्यात आले. महाराज परतल्यावर गंगारामांनी आपली पाठ त्यांस दाखविली. मारणारांस महाराजांनी शासन केलेच. परंतु तेवढ्यावर ते थांबले नाहीत. गंगारामांस पागेतून मोकळे करून त्यांनी स्वतंत्र धंदा काढण्यास साहाय्य केले, आणि गंगारामांनी शहरात चहाचे उपाहारगृह उघडले. त्याचे नाव ‘सत्यसुधारक’. दुकान स्वच्छ, चहा उत्तम, आणि आत गिऱ्हाईक नाही! महाराच्या हातचा चहा कोण पिणार?

आता पाहा, २६ जुलै १९०२ रोजी ज्यांनी आपल्या संस्थानच्या नोकऱ्यांतील रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी निम्म्या मागासलेल्या वर्गांसाठी राखून ठेवण्याचा हुकूम काढला, तेच हे महाराज. आणखी एक हुकूम काढणे त्यांस अवघड नव्हते. पण चहाचे दुकान हुकमाने चालत नाही, हे त्यांनी ओळखले. त्यांची गाडी येताजाता गंगारामांच्या दुकानापुढे उभी राहू लागली. महाराज मोठ्याने चहा मागवीत, स्वतः पीत, आणि गाडीत जे सरदार, अंमलदार वा पाहुणे बसलेले असत त्यांसही पाजीत. राजाने दिलेला पेला नाकारावा कसा? एकाने घेतला, दुसऱ्याने घेतला. पुढे गंगारामांचे दुकान चालू लागले. या हकीकतीत पुष्कळांस महाराजांचे औदार्य दिसते. आम्हांस त्याहून अधिक मोलाचे हे वाटते की, त्या प्रसंगी ते राजाच्या नव्हे, गिऱ्हाइकाच्या जागी उभे होते. आणि ती जागा आपणां सर्वांस उपलब्ध आहे.

भाषेचा प्रश्न जातीच्या पाठीस पाठ लावून येतो. नवापूरचे स्टेशन अर्धे महाराष्ट्रात व अर्धे गुजरातेत आहे, आणि तेथे मराठी, गुजराती, हिंदी व इंग्रजी अशा चार भाषांत गाड्यांची सूचना होते, याचे आपणांस मोठे कौतुक आहे. परंतु फलाटावर बोचके घेऊन बसलेली बाई जी मावची बोलते, ती त्या चारांत नाही. बाजाराच्या दिवशी धडगाव वा अक्कलकुव्यास जाऊन पाहावे. कित्येक व्यापारी पावरी वा देहवाली सफाईने बोलतात; विक्रीपुरती ती भाषा त्यांनी शिकून घेतली. जिची ती मातृभाषा आहे, त्या मुलीस मात्र दुकानात उभे करताना “हिला बोलता येत नाही” असे कारण पुढे करितात. पुण्यास गेल्यावर आपल्या अहिराणीस हसतात म्हणून ज्यांस दुःख होते, त्यांनीच पावरीस हसावे, हे तर आम्हांस फारच विचित्र वाटते.

याच्या उलट उदाहरण मुंबईचे आहे. २०१५ साली पवई येथे ‘मिर्ची अँड माईम’ नावाचे एक उपाहारगृह निघाले, त्यात वाढणारी मंडळी मूकबधिर होती. पदार्थांच्या यादीत प्रत्येक पदार्थाची खूण दिलेली असे, आणि गिऱ्हाईक ती खूण हाताने करून पदार्थ मागवी. एरवी नोकराने मालकाची व गिऱ्हाइकाची भाषा शिकावी हा जगाचा नियम; तेथे जेवणारांनीच वाढणारांची भाषा शिकून घेतली, आणि तीही हसतखेळत.

स्त्रियांविषयी थोडक्यात सांगतो. परिचारिकेचे काम एके काळी हलके गणले जाई, कारण त्यात परक्याच्या शरीरास व मलमूत्रास शिवावे लागे. प्रतिष्ठित घराणी मागे सरली तेव्हा मिशनच्या रुग्णालयांतून आमच्या ख्रिस्ती मुलींनी ते पत्करले. आज त्याच कामास मान आहे आणि त्यासाठी सर्व समाजांतील मुली अर्ज करितात. परंतु ज्या घरांनी हे सोसले, त्यांतीलच काही घरी आज झाडणाऱ्या बाईस निराळा पेला असतो, हे लिहिताना आम्हांस संकोच वाटतो; पण लिहिणे भाग आहे. महाराष्ट्राच्या दुकाने व आस्थापनाविषयक २०१७ च्या कायद्यात भरती, प्रशिक्षण, बदली व बढती यांत स्त्रीपुरुष असा भेद करू नये असे सांगितले आहे. त्यातील ‘बढती’ या शब्दाकडे पालकांनी विशेष लक्ष द्यावे. मुलगी नोकरीस लागली एवढ्याने समाधान मानून आपण चौकशी बंद करितो.

कोणी म्हणेल, ही सर्व भूतदया झाली. धंदा योग्यतेवर चालतो. योग्यता हवी, हे आम्हांस पूर्णपणे मान्य आहे. परंतु गिऱ्हाइकाशी बोलण्याची योग्यता गिऱ्हाइकाशी बोलूनच येते. ती मोरीत कशी यावी? आणि सर्वांस एकाच मापाने मोजणे म्हणजे न्याय, असेही नव्हे. शहरातला मुलगा दुकान बंद करून दहा मिनिटांत घरी पोहोचतो. डोंगरातल्या मुलाची शेवटची एस. टी. दुकान बंद होण्यापूर्वीच निघून गेलेली असते, आणि शहरात खोली घेऊ जावे तर आधी जात विचारली जाते. सुटीचेही तसेच. दुकानाच्या यादीत दिवाळीचे दिवस असतात. सातपुड्यातील लोकांचा मोठा सण होळी. काठीच्या होळीसाठी गुजरातेत मजुरीस गेलेली कुटुंबेही परत येतात. त्या दिवसांत गैरहजर राहिला म्हणून मुलाचा पगार कापतात आणि वर “हे लोक टिकत नाहीत” असा शेरा मारतात. नाताळच्या दिवशी कामावर बोलावलेल्या ख्रिस्ती नोकरास, वा ईदेच्या दिवशी बोलावलेल्या मुसलमान नोकरास, हे निराळे समजावून सांगावे लागणार नाही.

आणखी एक गोष्ट. प्रभूने शिष्यांचे पाय धुतले, ही कथा आम्ही दर पवित्र आठवड्यात सांगतो, आणि तिचा आधार घेऊन भांडी घासणाऱ्या मुलास “कोणतेही काम हलके नसते” असा उपदेश करण्याची आपल्यांत रीत पडली आहे. त्या कथेत पाय धुण्यास गुरू उठला होता, चाकर नव्हे. हा उपदेश ज्यांस करावयाचा ते गल्ल्यावर बसलेले असतात.

विद्यार्थ्यांस आमचे सांगणे इतकेच की, पहिल्या दिवशी मोरी मिळाली तर ती घ्यावी. सहा महिन्यांनी मात्र टेबलाचे काम मागावे, आणि नकार मिळाल्यास कारण विचारावे. पालकांनी जूनमध्ये वह्यापुस्तके व गणवेश घेण्यास बाजारात जाल तेव्हा दुकानात कोण मापतो, कोण बांधतो व कोण पैसे घेतो, हे पाहावे. आणि मालकास सहज ऐकू जाईल असे म्हणावे की, आम्हांस कोणाच्याही हातचे चालते.

गेल्या पावसाळ्यात एका दुकानदाराशी आम्ही असेच बोललो. तो काही वेळ विचार करून म्हणाला, “पाठवा मुलगा, गुरुजी. पण होळीला आठ दिवस जाईल तो.” आम्ही म्हणालो, “जाईल. तुम्हीही दिवाळीस जाताच की.” तो हसला. मुलगा पुढच्या सोमवारपासून जाऊ लागला. अद्याप त्यास कापड मापावयास दिलेले आहे, गल्ल्याचे बोलणे व्हावयाचे आहे.