राखेतला चांदीचा कागद

थंडी पडू लागली की पवना धरणाच्या काठावर शनिवारी संध्याकाळी तंबूंच्या रांगा लागतात आणि रांगेगणिक शेकोट्या पेटतात. या शेकोट्यांवर हल्ली पुष्कळदा चांदीच्या कागदात जेवण शिजतं. दुकानात त्याला सिल्व्हर फॉइल म्हणतात. चांदीचा त्यात अंशही नसतो, असतो तो अकरा-बारा मायक्रॉन जाडीचा ॲल्युमिनियमचा पत्रा. बटाटा, पनीर, ढोबळी मिरची, मसाला लावलेली कोंबडी, मक्याचं कणीस, ज्याला जे हवं ते त्यात गुंडाळायचं, कडा दुमडून बंद करायच्या आणि पुडी निखाऱ्यावर ठेवायची. ही रीत अमेरिकेतली. तिथे १९४७ साली रेनॉल्ड्सची घरगुती वापराची फॉइल बाजारात आली आणि स्काउटांच्या शिबिरांमध्ये हे जेवण रुळलं. शिबिराला त्याचा फायदा उघड आहे: प्रत्येक मुलाची पुडी वेगळी, भांडं वाहून न्यायला नको आणि रात्री थंडीत घासायलाही नको. आपल्याकडे ती कॅम्पिंगच्या पॅकेजांबरोबर आणि मोबाइलवरच्या व्हिडिओंबरोबर आली.

पद्धत हुशारीची आहे, हे आधी मान्य करायला हवं. बंद पुडीत पदार्थाच्याच अंगचं पाणी वाफ होऊन फिरतं आणि त्या वाफेत तो शिजतो. म्हणून पुडी ज्वाळेवर न ठेवता निखाऱ्यावर ठेवतात, आत थोडी मोकळी जागा सोडतात आणि मधे एकदा ती उलटतात. (चकचकीत बाजू आत हवी की बाहेर, यावर शेकोटीभोवती वाद रंगतात. कशीही ठेवा. कारखान्यात शेवटच्या फेरीत दोन पत्रे एकावर एक ठेवून लाटतात. रुळाला लागलेली बाजू चकाकते, एकमेकांना लागलेली मंद राहते, एवढंच.) पण वाफ ही फॉइलची मर्यादाही आहे. तिच्यातला बटाटा उकडतो, भाजत नाही. राखेत थेट पुरलेल्या रताळ्याची साल करपते आणि सालीलगतचा गर पाकासारखा चिकट होतो, ते फॉइलमध्ये घडत नाही. अर्थात चव ज्याची त्याची. तेवढ्यावरून वर्तमानपत्रात लेख लिहायचं कारण नाही.

लिहायचं कारण आहे ते जेवण आटोपल्यानंतरच्या पाच मिनिटांचं. तेलामसाल्यानं माखलेली, कुठे काळवंडलेली पुडी हातात उरते आणि चुरगळून शेकोटीतच टाकली जाते. टाकणारे सगळे बेफिकीर असतात असंही नाही. पाण्याच्या बाटल्या, वेफर्सची पाकिटं पिशवीत भरून परत नेणारे लोकही फॉइल मात्र आगीत टाकतात, कारण ती जळून जाईल असं त्यांना मनापासून वाटतं. ही समजूत अडाणीपणातून आली, असं मला वाटत नाही. ती आपल्या जुन्या आणि एके काळी अगदी योग्य असलेल्या सवयीतून आली आहे. सवय पानाची आहे, हातात मात्र धातू आहे. गफलत आहे ती इथेच.

ही सवय कशी घडली ते पाहायचं तर पौष-माघात अलिबागकडच्या शेतात जायला हवं. वालाला शेंगा धरल्या की रायगड जिल्ह्यात पोपटी लागते. मातीचं मडकं घ्यायचं, त्याच्या तळाला आणि कडेनं भांबुर्ड्याचा पाला लावायचा. भांबुर्डा म्हणजे बांधावर, पडीक रानात आपसूक उगवणारं उग्र वासाचं तण. एरवी त्याला कोणी विचारत नाही. त्यावर वालाच्या शेंगांचा थर, मीठ, ओवा, मधे बटाटे, रताळी, अंडी, हवी तर मसाला चोळलेली कोंबडी, पुन्हा शेंगा. पाण्याचा थेंबही घालायचा नाही. तोंडात भांबुर्ड्याचा बोळा गच्च कोंबायचा, मडकं उपडं घालायचं आणि भोवती पेंढा, पालापाचोळा, गोवऱ्या रचून पेटवायच्या. अर्ध्या तासानं मडक्यावर पाण्याचा शिपका मारतात. चर्र आवाज आला की पोपटी झाली. तत्त्व पाहिलं तर फॉइलचंच: बंद जागा, पदार्थाचं स्वतःचं पाणी, त्याचीच वाफ. फरक शेवटी पडतो. पाला टाकला तर कुजतो, राख शेतात पसरते, मडकं पुढच्या खेपेला चालतं आणि फुटलंच तर खापऱ्या मातीत जातात. गुजरातेतल्या उंधियूचं नावच मुळी उपड्या मडक्यावरून पडलं आहे. कोकणातली पानगी केळीच्या पानात भाजते, पातोळ्या हळदीच्या पानात उकडतात, मुंबईच्या पारशांची पात्रा नी मच्छी केळीच्या पानात वाफवतात. जेवायला पळसाची पत्रावळ, आणि जेवण झालं की ती उकिरड्यावर. या सगळ्या स्वयंपाकात ‘याचं पुढे काय करायचं’ हा प्रश्न कधी पडलाच नाही, कारण टाकणं हीच विल्हेवाट होती. शेकडो वर्षं बरोबर ठरलेली सवय एका पिढीत कशी जाणार?

ॲल्युमिनियम या हिशेबात बसत नाही. ते साधारण ६६० अंश सेल्सिअसला वितळतं. चांगला फुललेला निखारा त्याच्या आगेमागेच असतो, म्हणून पातळ फॉइल कुठे वितळते, कुठे ठिसूळ होऊन तुटते. पण शेकोटीत ती कागदासारखी जळून संपत नाही. सकाळी राख विस्कटली की नखाएवढे करडे कपटे आणि मण्यांसारखे बारीक गोळे हाती लागतात. त्यांचा रंग राखेचाच, त्यामुळे गडावर, धरणाकाठी साफसफाईला येणाऱ्या मंडळींना बाटली दिसते, हे दिसत नाही. पुढच्या शनिवारी त्याच तीन दगडांत नवी शेकोटी, नवे कपटे. पावसाळ्यात ही राख उतारानं वाहते आणि पवनेच्या काठी थेट जलाशयात जाते, ज्याचं पाणी पिंपरी-चिंचवड पितं. त्या कपट्यांनी पाणी विषारी होईल असं म्हणणं अतिशयोक्तीचं ठरेल. ते तिथून जाणार नाहीत, एवढंच खरं, आणि तेवढं पुरेसं आहे.

यावर पहिला आक्षेप येतो तो असा की ॲल्युमिनियमसारखा पुन्हा पुन्हा वापरता येणारा धातू नाही. खरं आहे. ते वितळवून नव्यानं घडवायला, खनिजापासून नवं बनवायला लागते त्याच्या पाच टक्क्यांच्या आसपासच ऊर्जा पुरते. पण हे गणित भंगारवाल्याच्या तराजूवर पोचलेल्या धातूचं आहे. तेलानं माखलेली पातळ फॉइल त्याला नको असते आणि राखेतले कपटे तर कोणी वेचूनही आणत नाही. हिशेब करून पाहा. हातभर लांबीची फॉइल दुहेरी गुंडाळली तर एका पुडीत साधारण आठ ग्रॅम धातू जातो. दहा जणांच्या प्रत्येकी दोन पुड्या म्हणजे १६० ग्रॅम. एक किलो ॲल्युमिनियम गाळायला सुमारे १४ युनिट वीज लागते, म्हणजे या एका जेवणात दोन युनिटांहून अधिक वीज अर्ध्या तासासाठी वापरून राखेत गेली. बॉक्साइट शुद्ध करण्याचा खर्च त्यात धरलेलाच नाही. हे बॉक्साइट कोल्हापूर जिल्ह्यात राधानगरी, शाहूवाडीकडच्या सह्याद्रीच्या सड्यांवरूनही खणून काढलेलं आहे. एका डोंगराचा माथा खरवडून काढलेला धातू दुसऱ्या डोंगराच्या राखेत पुरायचा, हा व्यवहार कोणत्याच हिशेबात बसत नाही.

फॉइलला विरोध करणारे बहुतेक लोक मात्र वेगळंच कारण पुढे करतात: आरोग्याचं. फॉइलमुळे अल्झायमर होतो, असे संदेश फिरत असतात. तसं सिद्ध झालेलं नाही. आंबट आणि खारट पदार्थ तापवले की फॉइलमधून थोडं ॲल्युमिनियम अन्नात उतरतं, हे मात्र खरं. म्हणून लिंबू, चिंच, टोमॅटो किंवा दही लावलेला पदार्थ थेट तिच्यात गुंडाळू नये. युरोपीय अन्नसुरक्षा प्राधिकरणानं २००८ मध्ये सुरक्षित मर्यादा ठरवली ती वजनाच्या दर किलोमागे आठवड्याला एक मिलिग्रॅम, म्हणजे साठ किलोच्या माणसाला साठ मिलिग्रॅम. वर्षातून दोनदा शेकोटीवर जेवणाऱ्यानं त्या भीतीनं झोप उडवून घ्यायची गरज नाही. कच्च्या कारणावर उभा केलेला विरोध लवकर कोसळतो, आणि मग ‘काही होत नाही हो’ म्हणत लोक उरलेली रास्त कारणंही झटकून टाकतात.

आणखी एक आक्षेप अधिक गंभीर आहे. हजारो पर्यटक उद्या पानं शोधायला निघाले तर रान ओरबाडलं जाईल. म्हणून रानातली पानं तोडू नयेतच. केळीचं पान मंडईत मिळतं, गुंडाळी करून पाठपिशवीत मावतं, त्याचं ओझं होत नाही. फाटतं, ही तक्रार अनेकांची. त्याला उपाय स्वयंपाकघरातलाच आहे. मधला जाड दांडा काढून पान क्षणभर आचेवर फिरवायचं. रंग गडद होतो, पान मऊ पडतं आणि कापडासारखं दुमडतं. दोन-तीन थर गुंडाळून दोऱ्यानं बांधलं की पुडी तयार. पानात ओल आहे तोवर ते शंभर अंशांच्या फारसं वर तापत नाही; बाहेरचा थर करपतो तेव्हा आतला पदार्थ सांभाळला जातो. फॉइलइतकी ही पुडी निर्धोक नाही, हेही सांगायला हवं. फॉइल निखाऱ्यात ठेवून गप्पा मारत बसता येतं, पानाकडे लक्ष ठेवावं लागतं, आणि पातळ रस्सा त्यात टिकत नाही. एवढी तडजोड मला रास्त वाटते. ज्यांना ती नको, त्यांनी एक लोखंडी तवा किंवा घट्ट झाकणाचा डबा न्यावा.

शेकोटीच नको, असं म्हणणारेही आहेत आणि जंगलापुरतं त्यांचं म्हणणं निर्विवाद आहे. राखीव वनात आग पेटवण्यावर १९२७ च्या वन कायद्याच्या २६व्या कलमानं निर्बंध आहेत, अभयारण्यासाठी १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं ३०वं कलम आहे. कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात किंवा फेब्रुवारीनंतर वाळलेल्या गवताळ माळावर पान की फॉइल हा वादच उद्भवू नये. शेकोटीला मुभा आहे तिथे मात्र अमेरिकेकडून आणखी एक गोष्ट घेण्यासारखी आहे. तिथल्या भटक्यांना ‘लीव्ह नो ट्रेस’ या शिस्तीत बजावून सांगतात की कचरा आगीत टाकू नका, नेलेली फॉइल परत आणा. आपण पुडी उचलली, पथ्य तिकडेच राहिलं. कॅम्प चालवणाऱ्यांना ते सहज आणता येईल: तंबूच्या भाड्याबरोबर फॉइलच्या गुंडाळीऐवजी केळीची पानं द्यावीत, आणि फॉइल दिलीच तर सकाळी मोजून परत घ्यावी. सवय बदलण्यापेक्षा वस्तू बदलणं सोपं. हातात पान असलं तर ते आगीत टाकण्याची आपली जुनी खोड पुन्हा बिनचूक ठरते.

शिवाय फॉइलमध्ये जे गुंडाळलं जातं त्यातल्या निम्म्या गोष्टींना कुठल्याही पुडीची गरज नसते. बटाटा, रताळं, कांदा, वांगं, कच्चं केळं, सगळ्यांना साल आहे. राख झटकली आणि साल सोलली की आतला गर स्वच्छ. सर्वांत नवल कणसाचं. सात-आठ हिरव्या पानांच्या पदरात, आत ओल राखून, ते शेकोटीसाठी तयार होऊनच बाजारात येतं. आपण ती पानं सोलून फेकतो आणि त्याला ॲल्युमिनियम नेसवतो. येत्या शनिवारी पवनेला जाणार असाल तर बाकी काही नाही, तरी कणीस सोलू नका. पाण्यात दहा मिनिटं बुडवा आणि तसंच निखाऱ्यात ठेवा.